१९३३ चा अंक

१९८३ साली मी नववीत होतो. शाळेच्या त्या वर्षीच्या हस्तलिखित अंकाचा विषय आमच्या मराठीच्या बाईंनी फळ्यावर लिहिला तो फक्त चार आकड्यांत : १९३३. बरोबर पन्नास वर्षांपूर्वी, त्या एका वर्षात, मराठीत काय काय लिहिले गेले आणि रंगभूमीवर काय काय आले ते शोधायचे आणि वर्गातल्या प्रत्येकाने त्यातले काही ना काही स्वतःच्या अक्षरात उतरवायचे, एवढेच त्यांनी सांगितले. शाळेच्या अमृतमहोत्सवी स्मरणिकेसाठी लिहायला बसलो आणि त्या अंकाशिवाय दुसरे काही लिहावेसे वाटेना.

माझ्या वाट्याला 'श्यामची आई' आले. हे पुस्तक छापून निघाले १९३५ साली, मग ते आपल्या अंकात कसे, अशी शंका मी विचारली. बाईंनी प्रस्तावना उघडून माझ्यापुढे ठेवली. नाशिकच्या तुरुंगात असताना साने गुरुजींनी ९ फेब्रुवारी १९३३ रोजी, गुरुवारी, हे लेखन सुरू केले आणि १३ फेब्रुवारीला, सोमवारी पहाटे, ते संपवले. दिवसा तुरुंगातले काम आणि रात्री व पहाटे लेखन, असे ते पाच दिवस होते. बाई म्हणाल्या, "तू येत्या गुरुवारी बस. नुसते उतरवून काढ आणि सोमवारी मला दाखव." मी खरोखरच बसलो. शाळा सुटल्यावर आणि पहाटे उठून, फुलस्केप कागदांवर, शाईच्या पेनाने मी लिहीत होतो. शनिवारी मधल्या बोटाला पेनाचा घट्टा पडला, रविवारी आईने हळद लावून चिंधी बांधली, आणि सोमवारी पहाटे मी अकराव्या रात्रीपर्यंतच पोहोचलो होतो. डोळ्यांसमोर छापील पान असताना माझी ही गत झाली. समोर काहीही नसताना, केवळ आईच्या आठवणीवर, तो माणूस त्या कोठडीत किती वेगाने आणि किती भरून आलेल्या मनाने लिहीत असेल, हे मला त्या दुखऱ्या बोटाने शिकवले. पुढे अनेक व्याख्याने ऐकली, पण त्या पुस्तकाविषयी याहून खरे मला कोणी सांगितलेले नाही.

अंक पुढे सरकू लागला तशी एक गोष्ट आमच्या ध्यानात आली, आणि बाईंना आम्ही ती आपणहून शोधायला हवी होती असे मला आता वाटते. त्या वर्षाची बहुतेक माणसे शाळा-कॉलेजांतून शिकवणारी होती. साने गुरुजी सत्याग्रहात उतरण्यापूर्वी अमळनेरच्या प्रताप हायस्कुलात शिक्षक होते आणि तिथल्या छात्रालयातल्या मुलांचे सर्व काही करत होते. १० मे रोजी ज्यांचे 'साष्टांग नमस्कार' बालमोहन मंडळींनी रंगभूमीवर आणले ते प्रल्हाद केशव अत्रे पुण्यात कॅम्प एज्युकेशन सोसायटीच्या शाळेचे मुख्याध्यापक होते. 'गज्जलांजली' याच वर्षीची. तिचे कवी माधव जूलियन, म्हणजे माधव त्र्यंबक पटवर्धन, कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजात फारसी शिकवत होते, आणि त्या भाषेची छंदरचना मराठीच्या कानाला रुचेल अशी बसवून घेण्याचे त्यांचे कष्ट एखाद्या शिक्षकाच्या चिकाटीचेच आहेत. वि. स. खांडेकर तिकडे शिरोड्याच्या शाळेत मुलांना शिकवता शिकवता कथा-कादंबऱ्या लिहीत होते. दिवसभर मुलांसमोर उभे राहून घरी परतणाऱ्या माणसांनी मराठीचे हे वर्ष घडवले, ही गोष्ट मला आजही फार मोठी वाटते.

नाटकाचे प्रकरण वर्गातल्या चौघांनी मिळून लिहिले. मराठी बोलपट सुरू होऊन दीड वर्षही झाले नव्हते, पण नाटक कंपन्यांचा प्रेक्षक तिकडे ओढला जाऊ लागला होता. अशा वेळी १ जुलैला मुंबईच्या रिपन थिएटरात 'नाट्यमन्वंतर' या नव्या संस्थेने 'आंधळ्यांची शाळा' सादर केले. ब्यर्न्सन या नॉर्वेजियन नाटककाराच्या नाटकावरून श्री. वि. वर्तक यांनी ते मराठीत आणले होते. पदांची रेलचेल गेली, मोजकीच गाणी राहिली, आणि स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच केल्या. त्यांत गोव्याहून आलेल्या ज्योत्स्ना भोळे होत्या. लग्नाआधीच्या वर्तनाचा हिशेब मुलीला जसा विचारतात तसा मुलालाही विचारला पाहिजे, हा त्या नाटकाचा विषय. 'मानापमान' आणि 'स्वयंवर' यांचे कर्ते कृ. प्र. खाडिलकर त्याच वर्षी नागपूरच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष होते. संगीत नाटकाच्या वैभवाचा सन्मान आणि नव्या नाटकाचा पहिला प्रयोग हे दोन्ही एकाच वर्षाच्या पोटात आले, याचे मला तेव्हाही नवल वाटले होते.

राहिले 'कळ्यांचे निःश्वास' हे विभावरी शिरूरकरांचे कथांचे पुस्तक. ग्रंथालयाच्या जाळीच्या कपाटात त्याची प्रत दिसत असे, पण ती विद्यार्थ्यांना मिळत नसे. बाईंनी स्वतःची प्रत वर्तमानपत्राच्या कागदात गुंडाळून आणली आणि दोन तास सलग वाचून दाखवली. शिकलेल्या, कमावत्या, पण लग्न न झालेल्या किंवा होऊ न शकलेल्या मुलींच्या मनातले त्या कथांत इतके उघड लिहिले होते की १९३३ साली महाराष्ट्रात मोठे वादळ उठले. विभावरी शिरूरकर या नावामागे कोण आहे, याचे तर्क लोक कितीतरी दिवस लढवत राहिले. त्या होत्या बाळूताई खरे, म्हणजे पुढच्या मालती बेडेकर; अण्णासाहेब कर्व्यांच्या संस्थेत शिकलेल्या आणि स्वतः शिक्षिका. वाचन चालू असताना वर्गातल्या मुली बाकावर मान खाली घालून बसल्या होत्या, आणि ती लाज नव्हती, हे समजायला मला फार वर्षे लागली. बाईही अविवाहित होत्या. एका कथेच्या शेवटी त्या थांबल्या, खिडकीशी गेल्या, पाणी प्यायल्या, आणि पुन्हा त्याच ओळीपासून वाचू लागल्या.

या पुस्तकावर लेख लिहायचे काम आमच्या वर्गातल्या एका मुलीकडे होते. तिने लेखाऐवजी लेखिकेला उद्देशून पत्र लिहिले. मालतीबाई तेव्हा हयात होत्या, पण पत्ता आमच्यापैकी कोणालाच ठाऊक नव्हता, म्हणून बाईंनी ते पत्र पाकिटासकट अंकाच्या शेवटच्या पानाला सुईदोऱ्याने शिवून टाकले. पाकीट चिकटवलेले नव्हते, त्यामुळे आम्ही सगळ्यांनी ते वाचले. पत्रात एकच प्रश्न होता : पुस्तक बाहेर आले त्याच्या दुसऱ्या दिवशी तुमचा पहिला तास कोणत्या वर्गावर होता, आणि हजेरी घेताना तुमचा आवाज रोजच्यासारखाच होता का?