तिबेटी रक्त आणि आपली दमछाक

लेहला विमानाने उतरणाऱ्या पाहुण्याला पहिले दोन दिवस स्वस्थ पडून राहण्याचा सल्ला मिळतो, आणि सह्याद्रीतले गड पायाखाली घातलेल्या गिर्यारोहकालाही तो निमूटपणे पाळावा लागतो. सुमारे साडेतीन हजार मीटर उंचीवर हवेतला प्राणवायू टक्केवारीने घटत नाही; हवेचा दाब उतरल्यामुळे प्रत्येक श्वासात तो समुद्रसपाटीच्या जेमतेम दोनतृतीयांश मिळतो. मग मूत्रपिंडे एरिथ्रोपोएटिन हे संप्रेरक वाढवतात आणि पुढील काही आठवड्यांत रक्तातील हिमोग्लोबिन चढते. हा उपाय माफक प्रमाणात उपयोगी पडतो. अति झाला की रक्त घट्ट होते आणि हृदयावर ताण येतो. पेरूमधील ला रिंकोनादा या पाच हजार मीटरहून उंच असलेल्या सोन्याच्या खाणींच्या वस्तीत हा दीर्घकालीन पर्वतविकार अनेकांना जडलेला आढळतो. लिमाचे वैद्य कार्लोस मोंगे यांनी त्याचे वर्णन 1920च्या दशकातच केले होते.

तिबेटी लोकांची गोष्ट मात्र उलटी आहे, आणि मला तीच अधिक विलक्षण वाटते. चार हजार मीटरवर राहूनही त्यांचे हिमोग्लोबिन बहुधा सखल प्रदेशातील माणसाइतकेच असते. ते श्वास अधिक घेतात, आणि नायट्रिक ऑक्साइड भरपूर असल्याने त्यांच्या रक्तवाहिन्या रुंदावून रक्तप्रवाह वाढतो. ईपीएएस1 या जनुकाचा त्यांच्यातील प्रकार हिमोग्लोबिन चढवण्याची शरीराची ती घाईची प्रतिक्रिया आवरतो. 2010 साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात त्याच्याशी निगडित एका बदलाचे प्रमाण तिबेटी नमुन्यांत 87 टक्के, तर हान चिनी नमुन्यांत अवघे 9 टक्के होते. नैसर्गिक निवडीची चाळणी बहुधा गर्भाशयातच लागली असावी, कारण अशा उंचीवर जन्मलेली तिबेटी बाळे तेथील हान बाळांपेक्षा वजनाने भारी भरतात.

गिर्यारोहणाच्या गप्पांत मूळच्या तिबेटी वंशाच्या शेर्पांच्या क्षमतेचे सगळे श्रेय सरावाला आणि चिवटपणाला दिले जाते, ते मला अपुरे वाटते. सराव आपणही करतो, पण हा वारसा सरावाने मिळत नाही. 2014 साली कळले की हा जनुकप्रकार डेनिसोवन या नामशेष मानवांशी झालेल्या संकरातून आलेला आहे. तिबेटी पठाराच्या ईशान्य कडेला, 3,280 मीटर उंचीवरील बैशिया गुहेत सापडलेला त्यांचा जबडा किमान 1,60,000 वर्षांपूर्वीचा आहे. म्हणजे आजच्या मानवाचे पाऊल पठारावर पडण्याच्या कितीतरी आधी ते तेथे वावरत होते.