राजपुत्र पाहिजे, लगेच

परवा झोप येत नव्हती म्हणून एक मूकपट लावला, एर्न्स्ट लुबिचचा 'डी आउस्टर्नप्रिन्सेसिन', म्हणजे कालवांची राजकन्या, १९१९ चा जर्मन सिनेमा, जेमतेम तासाभराचा. म्हटलं दहा मिनिटांत डोळा लागेल, कसलं काय, एकटाच खिदळत बसलो.

एक अमेरिकन शेठ, कालवं विकून गडगंज झालेला. शू पॉलिशवाल्या शेठच्या मुलीने काउंट, म्हणजे सरदार, पटकावला ही बातमी वाचून याची मुलगी ऑसी घरातल्या फुलदाण्या फोडते, आणि फुलदाण्या संपल्या म्हणून पेपर फेकायला लागते. बाप एकदम गार. राजपुत्र आणून देतो म्हणतो, विषय संपला.

आणि राजपुत्र तरी कसला, नुकी नावाचा कफल्लक, पडक्या खोलीत राहणारा. जर्मनीत कैसर, म्हणजे सम्राट, नोव्हेंबर १९१८ मध्ये पायउतार झालेला, सिनेमा त्यानंतर सातेक महिन्यांत आलाय, आणि त्याच ऑगस्टमध्ये नव्या राज्यघटनेने सरदारकीचे किताब नुसते आडनावाचा भाग करून टाकले. म्हणजे ऑसीला जे हवंय त्याचा भाव खाली चाललाय आणि तिला पत्ताच नाही!

मला सगळ्यात आवडला तो जोसेफचा सीन. जोसेफ म्हणजे नुकीचा मित्र कम नोकर, मुलगी बघायला मालकाचं कार्ड घेऊन गेलेला, त्यामुळे तिथे सगळे त्यालाच राजपुत्र समजतात. ऑसीला तिकडे मोलकरणींचा ताफा आंघोळ घालतोय आणि हा इकडे भल्यामोठ्या हॉलमध्ये ताटकळतोय, मग कंटाळून फरशीवरच्या नक्षीच्या रेषांवरून चालायला लागतो, वळणावर वळतो, कोपऱ्यावर टर्रकन फिरतो, आपण लहानपणी करायचो अगदी तसं. एक शब्द नाही, पण श्रीमंताच्या दारात थांबणं म्हणजे काय ते कळतं.

मधे फॉक्सट्रॉट नावाच्या नाचाची साथ येते, पाहुणे, वाढपी, स्वयंपाकघर सगळेच नाचत सुटतात, धमाल आहे. नंतरचं मुलींचं बॉक्सिंग मात्र मला जरा ताणलेलं वाटलं.

या घरात कोणी काही स्वतः करतच नाही हो, शेठची सिगारसुद्धा दुसऱ्याने धरायची. ऑसीला दम नाही म्हणून लग्न ताबडतोब उरकतात, जोसेफ उभा राहतो नुकीच्या नावाने, आणि पुढे खरा नुकी ऑसीच्या प्रेमात पडतो तेव्हा कळतं की याचं लग्न तर आधीच लागलंय. लग्न नोकराने केलं, बायको मालकाची. जोसेफच्या पदरात काय, तर लग्नाचं जेवण, आणि ते मात्र त्याने दाबून हाणलं.