तुम्ही विचारलंत म्हणून: फिल्मवाल्यांत माझं काय काम?

समुद्री जीवशास्त्र शिकवणारी बाई माहितीपटांच्या पटकथेत काय करते, हे मला लग्नकार्यात हमखास विचारतात. पुढचा प्रश्नही ठरलेला: ‘म्हणजे चुका काढता का?’ काढते की. पण तेवढ्यासाठी माझी काय गरज? एखादं पाठ्यपुस्तकही पुरेल.

एकदा एका दिग्दर्शकाने मुंबईच्या कार्टर रोडला समुद्रकाठच्या खडकांवरच्या जिवांची पटकथा लिहून आणली. सकाळ, दुपार, सूर्यास्त. वाचायला झकास. मी म्हटलं, ‘‘अरे, या खेकड्यांचं घड्याळ भरती-ओहोटीचं.’’ ओहोटी रोज साधारण 50 मिनिटं उशिरा येते. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला पाणी पार खाली उतरतं, अष्टमीच्या सुमाराला भांग, म्हणजे भरती-ओहोटीचा जोर कमी, असला की खालचे खडक उघडेच पडत नाहीत. कोळीवाड्यात हे सगळ्यांना तोंडपाठ, युनिटमध्ये एकालाही ठाऊक नाही. शेवटी अख्खी पटकथा तिथीवर बेतली. निर्मात्याने कालनिर्णय उघडून कपाळाला हात लावला.

वाट बघणं मुंबईच्या सिनेमाला नवं नाही म्हणा. भांडवल मिळावं म्हणून दादासाहेब फाळक्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी वाटाण्याच्या रोपाची वाढ रोज थोडी थोडी चित्रित केली होती. मला तर तो आपल्याकडचा पहिला विज्ञानपटच वाटतो.

सिनेमाचा विज्ञान सल्लागार म्हटलं की हल्ली लोकांना ‘इंटरस्टेलर’ आठवतो. भौतिकशास्त्रज्ञ किप थॉर्न यांच्या समीकरणांवरून 2014 च्या त्या सिनेमातलं कृष्णविवर रेखाटलं गेलं, पुढे त्यावर शोधनिबंधही निघाला. त्यांच्या वाट्याला कृष्णविवर, माझ्या वाट्याला बोटभर कोळंबी. पिस्टल श्रिंप म्हणतात तिला.

खडकातल्या डबक्यात पाण्याखालचा माइक सोडला, तर कढईत मोहरी तडतडावी तसा आवाज. ध्वनिमुद्रण करणारा मुलगा म्हणाला, ‘‘मॅडम, केबल गेली.’’ केबल बदलली. तरी तडतड. मग त्याला समजावलं: या कोळंबीची एक नांगी भलतीच मोठी. ती फटकन मिटते, पाण्याची जोरदार धार सुटते, धारेत बुडबुडा तयार होतो आणि फुटतो. आवाज त्या बुडबुड्याचा. नांगी आपटल्याचा आवाज, अशीच समजूत होती. 2000 साली अतिवेगवान कॅमेऱ्याने खरा प्रकार दाखवला. म्हणजे पटकथेतलं ‘कोळंबी नांगी वाजवते’ हे वाक्य गेलं.

दिग्दर्शकाला तिथे बासरी हवी होती. आमचं चांगलंच वाजलं. (बासरीचं आणि माझं काही वाकडं नाही.) मी त्या जागेसाठी चार ओळींचं निवेदन लिहिलं होतं, तेही मीच खोडलं. बासरी नाही, निवेदन नाही, 40 सेकंद नुसती तडतड.

पहिल्या खेळाला, नेमक्या त्याच ठिकाणी, मागच्या रांगेतले एक काका उठले आणि ऑपरेटरला म्हणाले, ‘‘अहो, तुमचा स्पीकर बिघडलाय.’’