तुम्ही विचारलेत म्हणून: विश्वाच्या आरंभाविषयी पहिले पुस्तक कोणते वाचावे?

“सर, विश्व कसे निर्माण झाले यावर काही वाचायचे आहे. सुरुवात कोणत्या पुस्तकापासून करू?” सोलापुरात हा प्रश्न मला इतक्या जणांनी विचारला आहे की त्याचे उत्तर एकदा सविस्तर लिहून ठेवावे असे वाटले. कनिष्ठ महाविद्यालयात भौतिकशास्त्र शिकवीत होतो तेव्हा तो अकरावी-बारावीचे विद्यार्थी विचारीत असत. निवृत्तीनंतर विचारणाऱ्यांत जिल्हा न्यायालयात वकिली करणारे आमचे शेजारी आहेत, पूर्व भागातल्या एका यंत्रमाग कारखान्याचे हिशेब पाहणारे गृहस्थ आहेत आणि नातवाच्या प्रश्नांनी जेरीस आलेल्या एक आजीही आहेत. बहुतेकांच्या मनात स्टीफन हॉकिंग यांचे नाव आधीच ठरलेले असते आणि माझ्याकडून त्यांना फक्त होकार हवा असतो. तो मी लगेच देत नाही.

माझे म्हणणे असे की, विश्वाच्या आरंभाविषयीचे वाचन आरंभापासून सुरू करू नये; आजपासून मागे मागे जात करावे. विश्वाचे वय सुमारे १३८० कोटी वर्षे मानले जाते. त्यातील साधारण ३ लाख ८० हजार वर्षांच्या वयाचे विश्व कसे होते, हे आपण त्या वेळी सुटलेल्या प्रकाशाचे प्रत्यक्ष मापन करून सांगू शकतो. त्याहून मागे, पहिल्या काही मिनिटांपर्यंत, हायड्रोजन आणि हेलियम यांच्या प्रमाणावरून पोहोचता येते. सेकंदाच्या शतांशाच्याही आत शिरू लागलो की पुरावा विरळ होत जातो, आणि अगदी शून्य क्षणाविषयी बोलायचे तर सापेक्षता सिद्धांत व पुंजयांत्रिकी यांना एकत्र गुंफणारा, प्रयोगांनी पारखलेला सिद्धांत अजून कोणापाशीच नाही. तरीही कितीतरी लोकप्रिय पुस्तके पहिल्याच पानावर या शून्य क्षणाचे वर्णन मोठ्या आवेशाने करतात, त्यामुळे ज्या गोष्टीला सर्वांत कमी आधार आहे तीच वाचकाला सर्वांत ठाम स्वरात ऐकू येते. पुढे त्याला सगळेच सारखे खरे वाटू लागते, किंवा सगळेच सारखे काल्पनिक.

म्हणून पहिले पुस्तक अंतरांचे आणि प्रकाशाचे असावे. मराठी वाचकासाठी ते जयंत नारळीकरांचे ‘आकाशाशी जडले नाते’ हे आहे. त्यातून तारे, दीर्घिका (ताऱ्यांचे प्रचंड समूह) आणि विश्वरचना यांची ओळख होते, आणि अमुक इतक्या अंतरावर अमुक आहे हे आपल्याला कसे कळले, हा प्रश्न विचारण्याची सवय लागते. १९१२ मध्ये हार्वर्ड वेधशाळेतील हेन्रिएटा लेव्हिट यांनी दाखवून दिले की सेफीड नावाच्या रूपविकारी ताऱ्यांचा आवर्तकाळ आणि त्यांची खरी तेजस्विता यांचे पक्के नाते आहे. तारा किती दिवसांनी उजळतो हे मोजले की तो मुळात किती तेजस्वी आहे ते कळते, आणि तो किती मंद दिसतो यावरून त्याचे अंतर निघते. ही पट्टी हाती आली म्हणूनच १९२०च्या दशकात एडविन हबल यांना देवयानी ही आपल्या आकाशगंगेबाहेरची स्वतंत्र दीर्घिका आहे असे सांगता आले. दीर्घिकांचे वेग व्हेस्टो स्लायफर यांनी आधीच मोजलेले होते, प्रसरणशील विश्वाचे गणित जॉर्ज लमेत्र यांनी १९२७ मध्ये मांडले होते, आणि १९२९ मध्ये हबल यांनी अंतर व वेग यांचा आलेख काढला. विश्व प्रसरण पावते आहे हे वाक्य पाठ करण्यापेक्षा ही साखळी समजून घेणे अधिक मोलाचे आहे. जमल्यास नोव्हेंबर महिन्यातील एखाद्या अमावास्येच्या आसपास नान्नजच्या बाजूला, शहराच्या दिव्यांपासून दूर जाऊन देवयानी नुसत्या डोळ्यांनी पाहून यावी. तो अंधूक ठिपका सुमारे २५ लाख प्रकाशवर्षे दूर आहे.

नारळीकरांचे नाव घेण्याचे आणखी एक कारण आहे, आणि ते मला सर्वांत महत्त्वाचे वाटते. कोल्हापुरात जन्मलेले आणि १९८८ मध्ये पुण्यात सुरू झालेल्या आयुका या खगोलशास्त्राच्या संस्थेचे संस्थापक-संचालक असलेले नारळीकर हे केंब्रिजमध्ये फ्रेड हॉइल यांचे विद्यार्थी होते. हॉइल यांनी हर्मन बाँडी आणि थॉमस गोल्ड यांच्याबरोबर १९४८ मध्ये, विश्वाला आरंभच नाही असे सांगणारा स्थिर स्थिती सिद्धांत मांडला होता. नारळीकरांनीही महास्फोटाची (बिग बँगची), म्हणजे विश्वाचा आरंभ अतिशय उष्ण व दाट अवस्थेतून झाला ही कल्पना कधी पूर्णपणे मान्य केली नाही. १९९३ मध्ये हॉइल आणि जेफ्री बर्बिज यांच्यासह त्यांनी त्या सिद्धांताचे सुधारलेले रूप पुढे आणले. बहुसंख्य शास्त्रज्ञ त्यांच्याशी सहमत झाले नाहीत, आणि माझ्या मते पुरावाही त्यांच्या बाजूने नव्हता. तरीसुद्धा मराठी वाचक या बाबतीत भाग्यवान आहे, असे मी म्हणतो. आपल्या भाषेत या विषयाची गोडी लावणारा माणूस रूढ मताला शंका विचारणारा होता, त्यामुळे ‘हे कशावरून?’ हा प्रश्न आपल्या वाचनात आरंभापासूनच येतो.

ती शंका १९४८ मध्ये निराधारही नव्हती. हबल यांनी काढलेला प्रसरणाचा दर आजच्या मूल्याच्या सुमारे सातपट होता, आणि त्यावरून विश्वाचे वय जेमतेम २०० कोटी वर्षे येत असे. किरणोत्सर्गी खडकांवरून काढलेले पृथ्वीचे वय मात्र त्याहून जास्त भरत होते. आईपेक्षा लेक मोठी, असा हा प्रकार होता. पुढे १९५२ मध्ये वॉल्टर बाडे यांनी सेफीड ताऱ्यांचे दोन निराळे प्रकार आहेत हे ध्यानात आणून दिल्यावर दीर्घिकांची अंतरे दुप्पट झाली आणि ही अडचण हळूहळू सुटत गेली. ज्या प्रास्ताविक पुस्तकात या अडचणीचा उल्लेखच नाही, त्यात स्थिर स्थिती सिद्धांताचे पुरस्कर्ते उगाचच हट्टी ठरतात.

हे भांडण नीट समजून घ्यायचे तर दुसरे पुस्तक सायमन सिंग यांचे ‘बिग बँग’, २००४ मध्ये प्रसिद्ध झालेले. इंग्रजी आहे, पण इंग्रजी वर्तमानपत्र वाचणाऱ्याला जड जाणार नाही. ग्रीकांपासून निघून ते १९९२ साली जाहीर झालेल्या कोबे उपग्रहाच्या निष्कर्षांपर्यंत येते, आणि कोण कुठे चुकले हे मोकळेपणाने सांगते. जाडजूड असूनही आमच्या हिशेबनीस गृहस्थांनी ते दिवाळीच्या सुट्टीत संपवले.

पुस्तक विकत घेण्याआधी करून पाहावी अशी एक परीक्षा येथेच सांगतो. आर्नो पेन्झिआस आणि रॉबर्ट विल्सन यांना १९६४-६५ मध्ये न्यू जर्सीतील अँटेनात सतत ऐकू येणारी खरखर, आणि ती कबुतरांच्या विष्ठेमुळे असावी म्हणून त्यांनी केलेली साफसफाई, ही गोष्ट या विषयावरचे प्रत्येक पुस्तक सांगते. ते पान उघडावे आणि कबुतरे उडून गेल्यानंतर लेखक काय सांगतो ते पाहावे. ती खरखर सर्व दिशांनी सारखीच का येत होती, राल्फ आल्फर आणि रॉबर्ट हरमन यांनी १९४८ मध्येच अशा पार्श्वभूमीच्या प्रारणाचे (वर सांगितलेल्या, बाल विश्वातून सुटलेल्या प्रकाशाचे) भाकीत सुमारे ५ केल्विन तापमानासह कसे केले होते, आणि कोबेने मोजलेला त्याचा वर्णपट २.७ केल्विन तापमानाच्या आदर्श कृष्णिकेच्या (तिच्यावर पडणारे सर्व प्रारण शोषून घेणाऱ्या वस्तूच्या) वक्राशी इतका तंतोतंत कसा जुळला, हे त्या पानांवर असेल तर पुस्तक घ्यावे. गोष्ट कबुतरांपाशीच संपत असेल तर पुस्तक परत फडताळात ठेवावे.

तिसरे पुस्तक माझे सर्वांत आवडते आहे: स्टीव्हन वाइनबर्ग यांचे ‘द फर्स्ट थ्री मिनिट्स’, १९७७ सालचे. वकील शेजाऱ्यांना मी ते मुद्दाम दिले, कारण प्रस्तावनेत वाइनबर्ग म्हणतात की त्यांच्या डोळ्यांसमोरचा वाचक म्हणजे एक हुशार, वयस्कर वकील आहे. त्याला भौतिकशास्त्राची भाषा येत नाही, पण पटणारा युक्तिवाद मात्र त्याला ऐकायचा आहे. वाइनबर्ग आपली कथा शून्यापासून सुरू करत नाहीत. विश्वाचे वय सेकंदाचा शंभरावा भाग असताना, तापमान सुमारे १० हजार कोटी अंश असताना, ते सुरुवात करतात आणि त्याच्या मागचे फारसे भरवशाने सांगता येत नाही असे स्पष्ट लिहितात. तेही आधीच्या प्रकरणांत प्रसरण आणि प्रारण यांचा पुरावा मांडून झाल्यावरच.

या पुस्तकाचा गाभा हेलियम आहे. १८६८ च्या ऑगस्टमधील खग्रास सूर्यग्रहणाचा पट्टा भारतावरून गेला आणि सूर्याच्या वर्णपटात एक पिवळी रेषा दिसली. त्याच वर्षी नॉर्मन लॉकियर यांनी तिचा अभ्यास केला आणि ती अज्ञात मूलद्रव्याची आहे असा निष्कर्ष निघाला. तेच हेलियम. (आपल्या जिल्ह्याचेही अशा वेधांशी नाते आहे: २२ जानेवारी १८९८ च्या ग्रहणासाठी पुण्याच्या वेधशाळेचे कावसजी दादाभाई नायगमवाला आणि अमेरिकेतील लिक वेधशाळेचे विल्यम कॅम्पबेल या दोघांनीही करमाळा तालुक्यातील जेऊर येथे तळ ठोकला होता. पुण्याला जाताना गाडी जेऊरला आली की मी हे सहप्रवाशांना सांगतो. ते ऐकून घेतात.) विश्वातील सामान्य द्रव्याचा वजनाने जवळजवळ पाव भाग हेलियम आहे, आणि ताऱ्यांच्या पोटात एवढे हेलियम तयार होणे शक्य नाही. गंमत अशी की हे १९६४ मध्ये ठासून सांगणाऱ्या दोघांपैकी एक खुद्द हॉइल होते. दुसरे रॉजर टेलर. आता हिशेब पाहा. पहिल्या काही मिनिटांत अणुकेंद्रके जुळू लागली तेव्हा दर सात प्रोटॉनमागे साधारण एक न्यूट्रॉन उरला होता, म्हणजे १४ प्रोटॉनमागे २ न्यूट्रॉन. दोन न्यूट्रॉन दोन प्रोटॉनांना घेऊन हेलियमचे एक केंद्रक बनवतात आणि १२ प्रोटॉन हायड्रोजन म्हणून मागे राहतात. एकूण १६ कणांपैकी ४ हेलियममध्ये गेले: पाव भाग. बारावीच्या वर्गात फळ्यावर हे चार ओळींत लिहिले की मागच्या बाकांवरची कुजबुज थांबत असे.

पुस्तक जुने झाले आहे, हे खरे. विश्वाच्या अतिवेगवान फुगवट्याची ॲलन गूथ यांची कल्पना त्याच्यानंतरची, कोबे त्याच्यानंतरचा, आणि प्रसरणाचा वेग वाढतो आहे हा १९९८ मधील शोध तर फारच नंतरचा. १९९३ च्या आवृत्तीत नवे उपसंहारात्मक प्रकरण आहे, म्हणून तीच शोधावी. सामान्य द्रव्य विश्वाच्या सुमारे ५ टक्केच आहे, २७ टक्क्यांच्या आसपास न दिसणारे कृष्णद्रव्य आणि उरलेली, प्रसरणाचा वेग वाढवणारी कृष्णऊर्जा आहे, हे आजचे चित्र त्यात सापडणार नाही. पण पहिल्या तीन मिनिटांचा युक्तिवाद अजून तसाच उभा आहे.

आता हॉकिंग. १९८८ चे ‘अ ब्रीफ हिस्टरी ऑफ टाइम’ मी वाचू नका असे म्हणत नाही. चौथे वाचा असे म्हणतो. प्रत्येक समीकरणामागे खप निम्म्याने घटेल असे त्यांना कोणी सांगितले होते, म्हणून त्यांनी त्यात एकच समीकरण ठेवले. परंतु समीकरणे काढली तरी अवघडपणा जात नाही, तो केवळ दिसेनासा होतो. काल्पनिक काळ (गणितातल्या काल्पनिक संख्यांनी मोजलेला) आणि सीमारहित विश्व या त्यांच्या स्वतःच्या कल्पना आहेत, सर्वमान्य निष्कर्ष नव्हेत, आणि हा फरक ओळखण्याइतकी तयारी आधीच्या तीन पुस्तकांनी होते.

दोन प्रश्न हमखास मागोमाग येतात. पहिला: स्फोट झाला तो नेमका कुठे? मुखपृष्ठांवरची ज्वाळांची चित्रे याला जबाबदार आहेत. प्रसरणाला मध्य नाही. कोणत्याही दीर्घिकेतून पाहिले तरी दूरच्या दीर्घिका आपल्यापासूनच लांब जाताना दिसतील. दुसरा: हे सगळे आपल्या ऋग्वेदात नाही का? दहाव्या मंडलातील १२९ वे, नासदीय सूक्त मला अतिशय प्रिय आहे, आणि सृष्टीचा अध्यक्षही हे जाणत असेल किंवा नसेल असे म्हणण्याचे त्या ऋषीचे धैर्य मोठे आहे. मात्र हेलियमचे प्रमाण त्यात शोधू नये. त्याने तसा दावा केलेलाच नाही.

बी.एस्सी. करणाऱ्यांना गणितासह वाचायचे असेल तर अँड्र्यू लिडल यांचे आधुनिक विश्वरचनाशास्त्रावरचे छोटे पाठ्यपुस्तक आधी घ्यावे आणि नारळीकरांचे ‘ॲन इंट्रोडक्शन टु कॉस्मॉलॉजी’ त्यानंतर. नारळीकरांची मराठी पुस्तके विकत घेण्यापूर्वी हिराचंद नेमचंद वाचनालयात चौकशी करून पाहावी. आणि जेम्स वेब दुर्बिणीने महास्फोट खोटा ठरवला, अशा मथळ्याचा संदेश मोबाइलवर आला, तर मूळ बातमी वाचावी: त्या दुर्बिणीला अपेक्षेपेक्षा अधिक तेजस्वी अशा आद्य दीर्घिका दिसल्या आहेत, त्यामुळे दीर्घिका किती लवकर बनतात याविषयीच्या समजुती तपासाव्या लागत आहेत, पण पार्श्वभूमीचे प्रारण आणि हेलियमचा पाव भाग यांना त्याने धक्का लागलेला नाही. खरा चालू वाद प्रसरणाच्या दराचा आहे. त्या प्रारणावरून काढला तर तो दर मेगापार्सेकला (सुमारे ३३ लाख प्रकाशवर्षे अंतरामागे) सेकंदाला सुमारे ६७ किलोमीटर येतो, आणि लेव्हिट यांच्या सेफीड ताऱ्यांवरून काढला तर सुमारे ७३.