अंकाईच्या माळावर रानमेवा : फेब्रुवारीत जाणाऱ्यांसाठी

मनमाड-येवल्याच्या मधल्या अंकाईच्या माळावर वाटाड्याबरोबर सहल, माणशी बाराशे रुपये. त्यात ‘दुष्काळी रानातल्या वनस्पतींची ओळख आणि रानभाज्यांचं जेवण’ मिळणार होतं. पानात पडली बाजारातली मेथी. आधीच स्पष्ट सांगतो, असल्या सहलीला उन्हाळ्याच्या तोंडावर एक रुपयाही देऊ नका. इगतपुरीला वर्षाला ३,००० मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो, आणि त्याच नाशिक जिल्ह्यात येवला-नांदगावकडे ५००च्या आसपास. कुर्डू, टाकळा, करटोली या रानभाज्या इकडेही उगवतात, पण पावसाळ्यात. फेब्रुवारीत माळावर गवत पिवळं आणि जमीन भेगाळलेली असते. हिरवं दिसतं ते कांद्याच्या वाफ्यांत. तिथला तांदुळजा आणि घोळ खाण्यासारखे असले, तरी त्या वाफ्यांवर तणनाशक मारलेलं असू शकतं. शेतकऱ्याला विचारल्याशिवाय एक पान तोडू नका.

अंकाई-टंकाई या जोडकिल्ल्यांची चढण सोपी आहे, जैन लेणी बघण्यासारखी आहेत. त्याबद्दल इतरत्र भरपूर लिहिलेलं सापडेल. मला सांगायचंय ते डोंगराच्या पोटाशी असलेल्या फड्या निवडुंगाच्या पट्ट्याबद्दल.

तिथून जायला वाट म्हणावी अशी वाट नाही. छातीपर्यंत निवडुंग, मधे शेळ्यांनी पाडलेल्या बोळी, पायाखाली सुटे दगड. लांब काटे दिसतात, ते चुकवता येतात. त्रास देतात ती कुसळं. पानांवर आणि लाल बोंडांवर, म्हणजे फळांवर, तपकिरी ठिपके दिसतात ना, तो एकेक ठिपका म्हणजे केसाहून बारीक काट्यांचा झुपका असतो. वाटाड्याने बोंडं हातरुमालात धरून तोडायला सांगितली. दहा मिनिटांत सगळ्यांची बोटं आणि मनगटं पेटली. तोच रुमाल एकाने तोंड पुसायला वापरला आणि त्याचे ओठ संध्याकाळपर्यंत सुजलेले होते. बोट चोखायला जाणाऱ्या एका मुलाला शेळ्या वळणाऱ्या मावशींनी वेळेवर थांबवलं, “तोंडात घालू नको बाबा, जिभंत जातील.”

पुढचं त्या मावशींनीच शिकवलं, आणि तेही फुकट. बोंड दोन काटक्यांच्या चिमट्यात धरून पिळायचं, म्हणजे देठापासून सुटतं. मग जमिनीवर टाकून तरवडाच्या डहाळीने सगळ्या बाजूंनी झाडायचं, मातीत घोळवायचं, परत झाडायचं. दोन्ही टोकं कापायची, उभी चीर द्यायची आणि साल उलगडून फक्त गर घ्यायचा. गर आंबटगोड, गडद किरमिजी. बिया टणक असतात, चावू नका. बोंडं विस्तवावर भाजूनही कुसळं जळतात, पण वाळल्या गवताच्या माळावर काडी ओढायचा विचारही करू नका. हातात कुसळं गेलीच तर चोळू नका. मोठी चिमट्याने काढा; उरलेल्यांवर फेविकॉलचा थर लावून पूर्ण वाळू द्या आणि सोलून काढा, बरीचशी निघतात. डोळ्यात गेलं तर घरगुती उपाय नकोत, थेट डॉक्टर गाठा.

पानांवरच्या पांढऱ्या कापसासारख्या पुंजक्यांना वाटाड्या ‘बुरशी’ म्हणाला. बुरशी नाही, तो किडा आहे. काटकीने चिरडला की रक्तासारखा लाल रंग निघतो. हा निवडुंग मूळचा अमेरिका खंडातला. इथे तो बेसुमार माजला म्हणून त्याला खाणारा हा किडा १९२६मध्ये दक्षिण भारतात मुद्दाम आणला गेला.

निवडुंग कापून पाणी पिता येतं, हेही वाटाड्याने सांगितलं. हे मात्र जिवावर बेतू शकतं. फड्याच्या पानातून निघतो तो बुळबुळीत चिकट रस, त्याने तहान भागत नाही. आणि त्याच माळावर, शेताच्या कुंपणाला त्रिधारी निवडुंग आणि शेर नावाचं झुडूप असतं. त्यांना खाचलं की पांढरा चीक उडतो. कातडीवर फोड येतात, डोळ्यात गेला तर दृष्टीला धोका. रुईच्या चिकाचंही तेच. पाथरीसारख्या खाण्याच्या पालेभाजीतही चीक असतो हे खरं, पण ती ओळखणारा माणूस शेजारी नसेल तर पांढरा चीक दिसताच हात मागे घ्या. पाणी माणशी चार लिटर पाठीवरच न्या.

पांढरा चीक दिसला नाही म्हणून निर्धास्तही होऊ नका. मोगली एरंडाच्या बियांची चव शेंगदाण्यासारखी लागते, मुलं आवडीने खातात आणि मग उलट्या-जुलाब होऊन दवाखान्यात जावं लागतं. मुरमाड जागी आडव्या पसरलेल्या वेलावर चेंडूएवढी, कलिंगडासारखी पट्ट्यांची फळं दिसली आणि पानं खोल कातरलेली असली, तर ते कडू वृंदावन समजा. जहाल रेचक आहे. चव बघायलाही जिभेवर ठेवू नका.

आता ज्यासाठी मी परत जाणार आहे ते झाड. हिंगणबेट! लांब हिरवे काटे, एकेका देठावर पानांची जोडी, फळ खारकेएवढं. पिकून पिवळसर झालं की साल कुरकुरीत सुटते आणि आत चिकट, गोड-कडसर गर. एकदोन चघळायला ठीक, जास्त खाऊ नका, पोट बिघडतं. खरी मजा धुण्यात आहे. मावशींनी चार फळांचा गर पाण्यात कुस्करला आणि बघता बघता फेस वर आला. किरमिजी डागांनी माखलेले आमचे हात त्यात स्वच्छ झाले! फेस येतो गरातल्या सॅपोनिन या साबणासारख्या द्रव्यामुळे. पूर्वी रेशीमही या गराने धुवत. हे पाणी विहिरीत, ओढ्यात किंवा तळ्यात ओतू नका, मासे मरतात. फळं झाडाखाली पडलेलीच वेचा, तीही मालकाला विचारून. ममदापूरच्या काळवीट राखीव क्षेत्रात गेलात तर तिथे काहीच वेचू नका.

मनमाडहून जीपवाला नऊशे रुपये मागेल. देऊ नका. येवल्याकडे जाणाऱ्या एसटीतून रस्त्यावर उतरून अंकाई गावापर्यंत चालत जाता येतं. जाड तळाचे बूट, चामडी हातमोजे आणि चिमटा बरोबर घ्या, आणि अकराच्या आत तो निवडुंगाचा पट्टा मागे टाका. बारानंतर तिथे सावलीला एक झाड नाही.