डॉलर नव्हे, युरो बघा: रॉटरडॅमहून द्राक्षाचा हिशेब

'रुपया घसरला' अशी पट्टी टीव्हीवर फिरली की निफाड-दिंडोरीत एकच बोलणं सुरू होतं: यंदा एक्स्पोर्टवाल्यांची चांदी. इकडे नेदरलँड्समध्ये आपल्या द्राक्षाची विक्री मात्र युरोत होते, आणि बातमीतला रुपया असतो डॉलरसमोरचा.

२०२२ सालच घ्या. जानेवारीत डॉलर साधारण साडेचौऱ्याहत्तर रुपयांना होता आणि एका युरोला १.१३ डॉलर पडत होते. म्हणजे युरो ८४च्या आसपास. जुलैच्या मध्यात डॉलर ८०ला टेकला, आणि त्याच आठवड्यात युरो वीस वर्षांत पहिल्यांदा डॉलरच्या बरोबरीला उतरला. गुणाकार करा, युरो आला ८०वर. रुपया डॉलरसमोर पडला आणि युरोसमोर वधारला, दोन्ही एकाच वेळी. बँकही रुपया-युरोचा भाव याच गुणाकाराने काढते. त्यातल्या रुपया-डॉलरवर रिझर्व्ह बँकेचं लक्ष असतं, ती त्याला फार उसळू देत नाही. डॉलर-युरोची चाल मात्र फ्रँकफर्ट आणि वॉशिंग्टनच्या, म्हणजे युरोप आणि अमेरिकेच्या मध्यवर्ती बँकांच्या, व्याजदरांवर ठरते, तिथे आपलं काही चालत नाही.

४० फुटी रीफर (शीत) कंटेनरमध्ये साधारण १३ टन माल बसतो. सगळी कपात जाऊन किलोमागे १.२० युरो उरले असं धरू. झाले १५,६०० युरो. ८४च्या भावाने १३,१०,४०० रुपये, ८०च्या भावाने १२,४८,०००. बासष्ट हजार गेले, आणि एक मणीही सडलेला नाही.

हे घडतं कारण माल आज जातो आणि पैसे उशिरा येतात. न्हावाशेवाहून सुवेझमार्गे तीन-साडेतीन आठवडे. २०२३च्या अखेरीस तांबड्या समुद्रात जहाजांवर हल्ले सुरू झाले, तेव्हा आफ्रिकेला वळसा घालावा लागला आणि त्यात दहा-पंधरा दिवस वाढले. पुढे रॉटरडॅमजवळच्या बारेंद्रेख्तच्या शीतगृहात तपासणी. तपासणारा पेटी उघडून आधी पनेट (द्राक्षाचा प्लॅस्टिकचा लहान डबा) उलटं करतो, कारण चिरलेल्या मण्याचा रस तळाशी साचतो आणि बुरशी तिथूनच धरते. मग देठ हिरवा की तपकिरी, ब्रिक्स (गोडी) किती, मण्याची जाडी किती. थोडी सड दिसली तरी रीपॅकिंग, आणि ते इथल्या मजुरीने, तासाच्या हिशेबाने, युरोत. कमिशन, शीतगृह, वाहतूकही युरोतच कापतात. उरलेल्या पैशांची हिशेबपट्टी तुमच्या एक्स्पोर्टरच्या हातात पडेपर्यंत बागेत खरड छाटणी (हंगामानंतरची एप्रिलची छाटणी) झालेली असते.

फ्रेटची, म्हणजे जहाजभाड्याची, गोष्ट उलटी. ते डॉलरमध्ये आकारतात आणि आधीच भरावं लागतं. शिवाय शिपिंग लाइन बिल रुपयात करताना स्वतःचा दर लावते, जो बाजारापेक्षा चढा असतो. डॉलर वाढला की खर्च लगेच वाढतो, आवक वाढेलच असं नाही.

'आम्हाला तर बांधावर रुपयात भाव मिळतो, आमचं काय जातं?' असं म्हणणाऱ्यांनी एवढं लक्षात घ्यावं की फेब्रुवारीत व्यापारी जो भाव बोलतो, त्यात युरो उतरण्याची भीती आधीच वजा केलेली असते. इथल्या सुपरमार्केटचे प्रोग्रॅमचे (हंगामभराच्या पुरवठा कराराचे) भाव आधीच ठरलेले असतात, त्यामुळे तो घट भरून काढणार कुठून? तुमच्याच भावातून. त्यात दक्षिण आफ्रिकेची द्राक्षं मार्चमध्येही बाजारात असतात. तिथलं चलन रँड नरमलं की तिथला शेतकरी कमी युरोतही निभावतो.

जे गट स्वतः निर्यात करतात, त्यांच्यासाठी उपाय आहे फॉरवर्ड कॉन्ट्रॅक्ट: अमुक युरो अमुक तारखेला अमुक भावाने बँकेला विकायचे, हे आजच ठरवायचं. भारतातले व्याजदर युरोपपेक्षा जास्त असल्याने हा भाव सहसा आजच्या भावापेक्षा थोडा वरच मिळतो. चूक होते ती रकमेत. पूर्ण बिलाचं कॉन्ट्रॅक्ट करतात, इकडे क्लेम (खराब मालाची कपात) लागतो, युरो कमी येतात, आणि कमी पडलेली रक्कम त्या दिवशीच्या भावाने रद्द करावी लागते. तेवढ्यात युरो चढला असेल तर तो तोटा आपलाच. म्हणून अपेक्षित रकमेच्या निम्म्याच्या पुढे फारसं जाऊ नये, आणि एका तारखेऐवजी महिनाभराची मुदत मागावी. जहाज तारीख पाळत नाही.

पैसे आले की बँकेचा 'कार्ड रेट' (तिने दिवसाला छापलेला ठरावीक भाव) निमूट मान्य करू नका. बाजारात त्या क्षणी काय भाव आहे ते विचारा आणि त्यावर बँक किती पैसे ठेवते यावर घासाघीस करा. वरच्या कंटेनरवर युरोमागे ५० पैसे म्हणजे ७,८०० रुपये. पडताळ्याला एफबीआयएल या संस्थेचा रोजचा संदर्भ दर दुपारी जाहीर होतो. युरो चढेल म्हणून थांबायचं असेल तर ते ईईएफसी (निर्यातदारांच्या परकीय चलनाच्या) खात्यात ठेवता येतात, पण कायमचे नाही. एखाद्या महिन्यात जमा झालेले आणि खर्चासाठी न लागणारे युरो पुढच्या महिन्याच्या शेवटच्या दिवसापर्यंत रुपयात वळवावेच लागतात.