कुणाला काही शंका?

प्रशिक्षण देणं हे माझं रोजचं काम, त्यामुळे समोर बसलेल्यांना एकमेकांचं जे दिसत नाही ते मला दिसतं. "कुणाला काही शंका?" असं विचारलं की आधी हलतात ते डोळे. शेजारच्याच्या वहीकडे, मग पुढच्या रांगेकडे. एकही हात वर नाही म्हटल्यावर पेनांना टोपणं लागतात आणि माना डोलतात. जो तो दुसऱ्याचा चेहरा वाचत असतो, आणि तो दुसराही नेमकं तेच करत असतो!

बिब लाताने आणि जॉन डार्ली या मानसशास्त्रज्ञांनी १९६८ साली प्रसिद्ध केलेला एक प्रयोग आहे. माणूस खोलीत प्रश्नावली भरत बसलाय आणि भिंतीतल्या झरोक्यातून धूर यायला लागतो. एकटे असलेल्यांपैकी ७५ टक्के उठून सांगायला गेले. सोबत आधीच पढवून ठेवलेले दोघं ढिम्म बसलेले असले, की फक्त १० टक्के. बाकीचे डोळे चोळत, खोकत लिहीत राहिले. मला त्यांच्या गप्प बसण्याचं फारसं नवल वाटत नाही. नवल याचं, की नंतर विचारल्यावर त्यांनी "आम्ही घाबरलो" असं सांगितलं नाही. ती वाफ असेल, एसीचं काहीतरी असेल, असं त्यांना खरंच वाटलं होतं. म्हणजे शेजारच्यांच्या थंडपणाने नुसतं वागणं नाही, डोळ्यांसमोरच्या धुराचा अर्थच बदलला.

माझ्या वर्गातही तेच होतं. माना डोलवणारे खोटं बोलत नसतात. सगळ्यांना समजलंय म्हणजे आपल्यालाही समजलं असणार, असं त्यांना वाटतं. म्हणून हल्ली मी तो प्रश्नच विचारत नाही. कोऱ्या चिठ्ठ्या वाटते. नाव नको, पण एक शंका हवीच, "शंका नाही" चालणार नाही. आणि हे आपापसात बोलणं सुरू व्हायच्या आधी. नंतर चिठ्ठ्या घेतल्या तर सगळ्यांची शंका एकच निघते, तीही सगळ्यात मोठ्याने बोलणाऱ्याची.

यावर "माणसं मेंढरंच" असं कुणी म्हटलं की मला राग येतो. मानसशास्त्रज्ञ सॉलोमन ॲशच्या प्रयोगात कोणत्या रेषा सारख्या लांबीच्या ते सांगायचं होतं, आणि आधीच पढवून ठेवलेले बाकीचे सगळे मुद्दाम चुकीचं उत्तर मोठ्याने द्यायचे. तरी साधारण पाव लोक त्या चुकीच्या बहुमतापुढे एकदाही झुकले नव्हते. खरं बोलणारा एकच सोबती मिळाला, किंवा उत्तर लिहून द्यायची मुभा असली, की झुकणं खूपच कमी व्हायचं.

तरी दर वेळी कुणीतरी विचारतंच, "मॅडम, अक्षर ओळखणार नाही ना?"